मयताचा हसण्याचा शॉट

पडेगाव, छत्रपती संभाजीनगर
शुक्रवार, ६ फेब्रुवारी २०२६

मोनिका ताई,

नमस्कार. इकडं सगळं ठीक हाय, तिकडं तुम्ही सगळे मजेत असाल, असं लिहायचं असतं म्हणे. इकडं काहीच ठीक नाय आन् तू तिकडं मजेत नाय हे मला चांगलं माहितीय. म्हणून ते राहू दे.

नारळात रक्त मी भरलं होतं.

झालं. लिहिलं. आता कागद फाडायचा नाय असं मी झीशानला कबूल केलंय. तो समोर जीपच्या बोनेटवर बसून माझ्याकडंच बघू लागलाय.

परत लिहितो, नायतर तुला वाटंल सांड्याची नेहमीची मस्करी. शूटिंगच्या मुहूर्ताला तू जो नारळ फोडला, ज्यातून लाल धार निघून तुझ्या ड्रेसवर उडाली आन् सगळे बोंबलत मागं सरकले, तो नारळ मी आदल्या दिवशी तयार केला होता. तुझ्याच डब्यातलं दाभण घेतलं. शेंडी उचलून नारळाच्या डोळ्यात भोक पाडलं, पाणी पिऊन टाकलं (गोड होतं), आन् जनावराच्या डॉक्टरकडची मोठी सिरिंज आणून आत रक्त भरलं. तू फिल्मसाठी केलेलं तेच, साखरेच्या पाकात खायचा लाल रंग घातलेलं. भोकाला मेणबत्तीचं मेण लावलं आन् वरून शेंडी बसवली. कोणाच्या बापाला कळलं नसतं.

खोटं वाटत असंल तर आठव. त्या दिवशी सकाळी तू बाटली हातात धरून मला विचारलं होतं, "सांड्या, रक्त अर्धं कसं झालं रे?" मी म्हणलो, "मुंग्या लागल्या." तू म्हणली, "मुंग्या काय बादली घेऊन आल्या होत्या?" हे तुझ्या-माझ्याशिवाय कोणाला माहीत नाय. आता तरी समज. देवानं काही दाखवलं नव्हतं. तुझ्या हातात काही नव्हतं. हातात फक्त एका येड्यानं भरलेला नारळ होता.

आन् तो तुझ्यासाठी नव्हताच गं! शिवराजसाठी होता. दिग्दर्शक म्हणून तोच फोडणार होता ना. नवा पांढरा शर्ट, गॉगल, गळ्यात काहीतरी लटकवलेलं, जसा काय मुंबईवरून आलाय, राहतो मात्र पाण्याच्या टाकीमागं. माझ्या मनात एवढंच की त्या शर्टावर एक धार उडावी. ऐन वेळी त्याला काय सुचलं, "मोनिकाताई, तुम्ही फोडा. तुम्ही आपल्या टीमच्या लक्ष्मी." मी पुढं आलो होतो. ओरडणारच होतो. पण तू एवढी हसली ताई. दाजी गेल्यापासून तुला कोणी देवाजवळ अगरबत्ती लावू दिली नाय. संक्रांतीला गल्लीतल्या बाया हळदीकुंकवाची ताटं घेऊन तुझ्या दारावरून पुढं गेल्या, तू आत मशीनवर उगाच रिकामी टीप मारत बसली होती, म्हणजे आवाज यावा म्हणून. मी पाहिलंय. आन् इथं एक माणूस तुझ्या हातात नारळ देऊ लागला. तू ओढणीला हात पुसून तो घेतला. मी कसा ओरडू? म्हणलं, फुटू दे. सगळे हसतील, मग सांगू.

हसलं कोणीच नाय.

फोन तू माझा उचलत नाय. मामाचा उचलती, शेवटी बाप हाय तुझा, आन् "माझं तोंड बघू नका" म्हणून ठेवून देती. म्हणून हा कागद. एवढं तर मी बारावीच्या पेपरात पण लिहिलं नव्हतं, लिहिलं असतं तर दोनदा नापास झालो नसतो. झीशान कन्नडची सीट घेऊन येतोच, तो तुझ्या दारात पिशवी देईल. पिशवीत तहरीमचा ड्रेस हाय, त्याच्या बहिणीचा. तुझी सासू चतुराबाई विचारायला आली तर म्हण, शिवायला आलाय. आन् खरंच शिव. बाही ढिली करायचीय. तहरीम म्हणते, मोनिकाआपाशिवाय कोणाकडं टाकणार नाय. बघ, जिला तुझ्या हाताचं भ्या वाटत नाय अशी एक तरी हाय.

मला राग आलाय ताई. मावशीचा, शिवराजचा, गल्लीचा. आन् तुझा पण. हो, तुझा. तुला मी एवढी शहाणी समजत होतो. लोक बोलले तर बोलले, तू कामून खरं मानलं? स्वतःच्या पायानं पिशवी भरून गेली. ज्या सासरच्यांनी दाजीच्या तेराव्यालाच तुला "पांढऱ्या पायाची" म्हणून गाडीत बसवून इकडं धाडलं होतं, त्यांच्याच घरी जाऊन भांडी घासू लागली. कामून? तर म्हणे "मी बापाजवळ राहिले तर बाप पण जाईल." असं कोण बोलतं गं? असं तर आपल्या फिल्ममधला येडा हिरो बोलतो!

त्यातच तर माझं डोकं फिरतं. फिल्म कशावर होती आपली? "मयताला आली शिंक." अपशकुनाला भिणाऱ्या लोकांवर हसायची फिल्म. मांजर आडवी गेली म्हणून उलटं चालणारा हिरो उलटा चालत विहिरीत पडतो. पाल चुकचुकली म्हणून नवरी बोहल्यावरून उठते. तिरडीवरचं मयत शिंकतं, तर खांदेकरी म्हणतात, निघताना शिंक झाली, आता थोडं थांबून निघू! हे सगळं आपण लिहिलं, तुझ्या पडवीत बसून, चहा पीत. तूच लिहिला होता तो शिंकेचा डायलॉग. आन् शूटिंगला येऊन बघतो तर शिवराजनं कॅमेऱ्याच्या स्टँडला लिंबू-मिरची बांधलेली! मी म्हणलो, "हे काय रे?" तर म्हणे, "शोसाठी हाय." कशाचा शो? स्टँड तर कॅमेऱ्याच्या खाली असतं, शॉटमध्ये येतच नाय.

कमरोद्दीन चाचानं आपल्याला सांगितलं होतं ते आठवतं का? झीशानचे चाचा, टॉकीजमध्ये मशीन चालवायचे ते. लई जुन्या, काळ्या-पांढऱ्या भुताच्या कॉमेड्या त्यांनी दाखवल्यात, त्यांच्या पण आधीच्या जमान्यातल्या. टॉकीजमध्ये उंदरं मारायला एक काळी मांजर पाळलेली. आत लोक मांजरीला भिणाऱ्या हिरोला बघून खुर्चीतून पडेपर्यंत हसायचे. शो सुटला की ती मांजर गेटातून इकडून तिकडं जायची, आन् तीच सगळी पब्लिक गेटापाशी थांबायची. पहिला कोणी पाय टाकत नव्हता. मागचे ओरडायचे, "चलो भाई!" पुढचे म्हणायचे, "तुम चलो!" चाचाच मग बाहेर येऊन पहिले चालत जायचे, म्हणून त्यांचं टॉकीजमध्ये नाव पडलं होतं 'पनौती'. ते हसून सांगत होते. मला तेव्हा हसू आलं होतं. आता येत नाय.

चाचानंच तो कायदा पण सांगितला होता, हसण्याच्या शॉटचा. जो माणूस पिच्चरमध्ये मयत झाला, त्याला तसाच घरी जाऊ द्यायचा नाय. कॅमेऱ्यासमोर बसवायचा, हसवायचा, आन् तो शॉट घ्यायचा. म्हणजे यमाला कळतं, हे सगळं खोटं होतं, माणूस जिवंत हाय. तू म्हणली होती, "किती गोड कायदा हाय." मामा म्हणला होता, "मला हसवायला कशाला लागतं, मी तिरडीवर पण हसंन."

मयताचं काम मामाचं, आन् त्याचाच तो शॉट राहिला. मामा तिरडीवरून पडला, ओरडला, आपण त्याला झीशानच्या जीपमध्ये घालून दवाखान्यात नेला. हसवायचं कोणाच्या ध्यानात राहतं?

आता गल्लीत तीन-तीन कारणं चालू हायत. एक, विधवेच्या हातून मुहूर्त. दोन, नारळातून रक्त. तीन, हसण्याचा शॉट राहिला म्हणून मामा उठत नाय. ज्याला जे आवडंल ते घ्या. पण कोणतंही घेतलं तरी शेवटी बोट तुझ्याकडंच. द्वारका मावशी तर बाजारात भाजी निवडता निवडता सांगती. परवा मी मागंच उभा होतो. "पोरीचा हात जळका हाय, मी माझ्या भावाला आधीच म्हणलं होतं." मी म्हणलो, "मावशी, तुझ्या हातातलं वांगं किडकं हाय, ते पण तिनंच केलं का?" तर मला म्हणे, "तू गप, तू तर पैदाइशीच..." आन् मधेच थांबली. पुढचं मला पाठ हाय. तुला पण.

शिवराजनं काय केलं ते तुला माहीत नसंल, तिकडं तुझ्याजवळ साधा फोन हाय ते बरंच हाय. त्यानं नारळाचा व्हिडिओ चॅनेलवर टाकला. नाव काय दिलं, "शूटिंगच्या सेटवर खरंच घडलं! कमजोर दिलवाल्यांनी पाहू नये." तुझ्या चेहऱ्यावर गोल काढलाय लाल. खाली लोक लिहू लागलेत, ही बाई कोण, कुठली. मी त्याच्या घरी गेलो. म्हणलो, "काढ." तो म्हणला, "सांड्या, आपल्या सगळ्या फिल्मांचे मिळून एवढे व्ह्यूज नाय झाले." मी म्हणलो, "ती आपली ताई हाय बे." तो म्हणला, "मी काय खोटं टाकलंय? जे झालं तेच टाकलं." माझ्या तोंडात आलं होतं, नारळ मी भरला होता म्हणून. नाय बोललो. त्याच्या टोपीत खाजकुयली टाकून आलो. दोन दिवस टकलाला बर्फ लावून फिरत होता. लई मजा आली. मग घरी आल्यावर मजा गेली, कारण व्हिडिओ तिथंच होता.

तुझी मशीन मावशीनं पडवीतून उचलून आत नेऊन ठेवली. वर गोधडी टाकली आन् गोधडीवर मामाच्या औषधांचा खोका. म्हणती, सोमवारी टेम्पोत घालून कन्नडला धाडून देऊ, पोरगी तिथंच राहणार हाय आता. चतुराबाईशी फोनवर बोलून पण झालं तिचं. मशीन गेली की तू परत येणार नाय, हे मला कळतं ताई. मी एवढा पण येडा नाय.

मामा खाटेवर हाय. मांडीत सळई टाकलीय. डॉक्टर म्हणतो चालंल, पण वेळ लागंल. दिवसभर छताकडं बघतो. जेवायला दिलं तर म्हणतो, "मोनीनं केलं का?" मग त्यालाच आठवतं. शिवराज दोनदा येऊन गेला, म्हणे फिल्म टाकायची हाय, पण हसण्याचा शॉट घेतल्याशिवाय मी टाकणार नाय, रिस्क नको. बघ, व्हिडिओ टाकायला भ्याला नाय, फिल्म टाकायला भितो. मामासमोर मोबाइल धरून म्हणला, "मामा, हसा थोडं." मामानं त्याच्याकडं असं बघितलं की तो मोबाइल खिशात घालून चहा न पिता गेला.

आता तिरडीचं लिहितो. झीशान म्हणतो लवकर आटप, सीट भरली. सीट थांबंल.

तू तेव्हा मागं नवरीला पावडर लावू लागली होती. तिरडी आम्ही चौघं उचलणार होतो. शॉट असा होता की आम्ही चालत येतो, मामा शिंकतो, आम्ही थबकतो. दोनदा घेतला. मामाची शिंक खोटी येत होती, "आक् शू" करून, शाळेतल्या नाटकासारखी. शिवराज चिडला. मामा पण ओशाळला. मी मामाच्या डाव्या पायाकडं होतो. तुला तर माहितीय मामाच्या तळपायाला बोट लागलं तर काय होतं. लहानपणी आपण दोघं दुपारी त्याला असंच उठवायचो, तू उजवा पाय, मी डावा.

मला वाटलं, खरी गुदगुली झाली की मामा खरा दचकंल. शॉट भारी येईल. मी एक हात खांद्यावर ठेवला आन् दुसऱ्यानं...

मामा दचकला नाय. मामा उसळला. लाथ उजव्या पायाकडच्याच्या छातीत बसली, त्याचा खांदा निसटला, तिरडी एका बाजूला कलली आन् मामा दोरीतून सुटून खाली दगडावर. तो आवाज मला अजून येतो.

गुदगुल्या मी केल्या ताई. दाजीनं नाय.

हे वाक्य मी आता मोठ्या अक्षरात लिहायला पाहिजे होतं. दाजीनं नाय. मी. भूल उतरली तेव्हा मामा म्हणला ना, "कोणीतरी माझ्या तळपायाला गुदगुल्या केल्या," आन् सगळे एकमेकांकडं बघू लागले, झीशान म्हणला मी नाय, ते दोघं म्हणले आम्ही नाय, तेव्हा मी पण म्हणलो, मी नाय. सगळ्यात मोठ्यानं. आन् मावशीनं डोळे मोठे करून म्हणलं, "जावयाला सासऱ्याची थट्टा करायची लई सवय होती. नारळातून बोलावला तिनं त्याला." तुझा चेहरा मी पाहिला तेव्हा. तू रडली नाय. तू फक्त तुझ्या हाताकडं बघितलं, तळवा वर करून, जसा काय त्याच्यावर काही लिहिलंय. मला तिथंच मरून जावं वाटलं, पण मेलो नाय, कँटीनला जाऊन वडापाव खाल्ला. एवढा नालायक हाय मी.

दाजी मला बुलेटवर बसवायचा. घाटात त्याला समोरून ट्रक आला, त्याचा पण कोणी नारळ फोडला नव्हता. बिचारा मेल्यावर पण त्याच्या नावानं बिल फाडलं, आन् मी फाडू दिलं.

चाचा एकदा बोलले होते, "पहले के भुताँ के पिच्चराँ में आखरी रील में चादर खींचते थे बेटा. नीचे हमेशा आदमीच रहता था. हमेशा." ताई, चादरीखाली मी हाय. तू ओढत नाय म्हणून मीच ओढू लागलोय.

झीशाननं हॉर्न मारला. थांब म्हणलो. तो खाली उतरून आला, वरचं थोडं वाचलं त्यानं. मला म्हणला, "कित्ता बड़ा कमीना है तू, सांडू." मग पाण्याची बाटली दिली. सीटवाल्यांना म्हणला, "दो मिनट, इंजन गरम हुआ." इंजिन चालू पण नव्हतं.

अजून एक राहिलंय. तेच खरं. वरचं सगळं लिहायला त्याच्यापेक्षा सोपं होतं.

आधी दुसरं लिहितो. माझं नाव सांडू कामून ठेवलं ते तुला माहीत हाय. माझ्या आधीची दोन जगली नाय, म्हणून मला सांडलेलं, टाकून दिलेलं समजून नजर लागू नये. मामाचं पण तसंच, कडुबा. आपल्या घरात नावं पण भिऊन ठेवलेली. तरी मी जगलो आन् आई गेली. मग मावशी मला काय म्हणायची? "आईला खाऊन आलेला." कोणाच्या तरी लग्नात नवरदेवाच्या घोड्यापुढं मी नाचू लागलो होतो, लई छोटा होतो, तिनं मला दंडाला धरून बाजूला ओढलं, म्हणली, "हा नको पुढं, कार्य नासंल." सगळी वरात बघू लागली. आन् तू आली. शाळकरी पोरगी तू, दोन वेण्या. मी तुझ्या ओढणीमागं लपलो. तू कमरेवर हात ठेवून मोठ्या बाईला म्हणली, "आत्या, याला नाचू दे. नायतर मी इथंच रस्त्यात बसते, घोडा माझ्या अंगावरून न्या." आन् खरंच बसली! नव्या कपड्यात, धुळीत. घोडा थांबला, बँड थांबला. शेवटी मावशीनंच हात सोडला. मग मी नाचलो. तू टाळ्या वाजवल्या.

ते मला आठवत नाय असं मी लई वर्षं म्हणत आलोय. सगळं आठवतं.

आता ते. दवाखान्यात, मामाला आत नेलं होतं, तू कागदावर सही करायला आत गेली होती. मावशी नुकतीच रिक्षातून उतरून आली. तिला नारळाचं काहीच माहीत नव्हतं ताई. काहीच. ती शूटिंगला आलीच नव्हती. तिनं पहिलं काय विचारलं? बरोब्बर विचारलं. एवढी खडूस बाई, पण प्रश्न बरोब्बर. "तिरडी एकदम कशी पडली? पायाकडं कोण होतं?"

ती माझ्याकडंच बघू लागली होती. आन् मी म्हणलो, "मावशी, ते काय विचारती? नारळ कोणी फोडला ते विचार. आन् आतून काय निघालं ते विचार."

मी म्हणलो. तिनं नाय काढलं ते. गल्लीनं नाय, शिवराजनं नाय. मी काढलं. वर मोबाइल काढून नारळाचा व्हिडिओ पण दाखवला. तिनं तो बघितला, आन् त्याच वेळेला तू मामाच्या चपला हातात घेऊन बाहेर आली. मावशीनं मान वर करून तुझ्याकडं बघितलं, आन् मी मोबाइल खिशात टाकला. पायाकडं कोण होतं ते परत कोणी विचारलं नाय. आजपर्यंत नाय.

एवढे दिवस मी सगळ्यांवर चिडून फिरतोय. मावशीला टोमणे मारले, शिवराजच्या टोपीत खाजकुयली टाकली, वर या कागदावर तुलाच शिव्या घातल्या की तू खरं कामून मानलं. तू जिला वरातीत अडवलं होतं तिच्याच हातात मी तुला दिलं. फक्त माझ्यावर बोट येऊ नये म्हणून.

माफ कर असं लिहीत नाय. ते लिहिलं की तुला काहीतरी उत्तर द्यावं लागंल. नको देऊ.

रविवारी सकाळी शिवराज परत येणार हाय, हसण्याचा शॉट घ्यायला. त्यानं मावशीला, शेजाऱ्यांना, सगळ्यांना बोलावलंय, म्हणे पब्लिक असली की मामा हसंल. चाचा पण येणार. कॅमेरा मी धरणार, तसं मी त्याला सांगून ठेवलंय, त्याला वाटतं मी सुधरलो. मी कॅमेरा चालू करणार, मामाच्या तोंडावर लावणार, आन् बोलणार. दाभण, सिरिंज, मुंग्या, डावा पाय. आन् दवाखान्यातलं पण. मावशीच्या तोंडावर. मामा हसला तर शॉट झाला. मामानं काठी फेकून मारली तर तो पण शॉटच हाय, जिवंत माणूसच काठी मारतो. आन् शिवराजला हेच चॅनेलवर टाकावं लागंल, नायतर टोपीत पुढच्या वेळी खाजकुयली नसंल.

झीशानची जीप रविवारी सकाळी लवकरच कन्नडच्या स्टँडवर उभी राहील. पुढची सीट रिकामी ठेवतो म्हणला, कोणी दुप्पट भाडं दिलं तरी. तू आली तर ये. आत येऊ नको वाटलं तर दारातच उभी राह. नाय आली तरी मी बोलणार. पण आली तर मशीनवरची गोधडी तुझ्या हातानं काढ, मी तिला हात लावत नाय.

आन् तोवर ताई, कोणाला सांगू नको. तू आधी सांगितलं तर मावशी म्हणंल, स्वतःला वाचवायला पोराला शिकवलं. पण ते खरं कारण नाय. खरं कारण मी हाय. मी मला ओळखतो. रविवारच्या आधी एखाद्यानं नुसतं विचारलं ना, "काय रे सांड्या, खरं का?" तर मी दात काढीन. म्हणीन, "मग! कसं उल्लू बनवलं ताईला!" सगळे हसतील, मी सुटून जाईन, आन् एकदा सुटलो की जन्मात परत बोलणार नाय. मला सुटू देऊ नको. चतुराबाईला नाय, मामाला फोनवर नाय, तहरीमला बाहीचं माप विचारताना पण नाय. तुझ्या पाया पडतो. रविवारपर्यंत कोणाला, कोणालाच सांगू नको.

अजून तुझ्या ओढणीमागंच लपलेला,
सांडू